मागच्या तारखेची बढती

वर्षातून एकदा शिक्षकांची सेवाज्येष्ठता यादी तयार करून तिच्यावर सर्वांच्या सह्या घेणे, हे मुख्याध्यापकाच्या कामांपैकी सर्वांत नाजूक काम. एरवी दहा परिपत्रकांवर न वाचता सही ठोकणारे गुरुजी या कागदापुढे मात्र चष्मा लावतात. बोट ठेवून आपले नाव शोधतात, आपल्या वर कोण आणि खाली कोण ते पाहतात, रुजू झाल्याची तारीख दोनदा वाचतात आणि मगच पेनाचे टोपण काढतात. बाहेरच्या माणसाला हे हास्यास्पद वाटेल. पण ज्याने नोकरीत आयुष्य काढले आहे त्याला ठाऊक असते की, त्या यादीतील एक ओळ वर किंवा खाली यावर पुढची वीस वर्षे अवलंबून असतात.

ही ओळ चुकली आणि ती चूक पुढे कधीतरी मान्य झाली, म्हणजे एक विलक्षण कागद जन्माला येतो. आदेश आज निघालेला असतो. पण त्यात लिहिलेले असते की, अमुक कर्मचाऱ्यास दहा वर्षांपूर्वीच्या तमुक तारखेपासून बढती मिळाल्याचे समजण्यात यावे. महाराष्ट्राच्या सरकारी मराठीत या तारखेला 'मानीव दिनांक' म्हणतात. घडलेले नाही, पण घडले असे मानायचे! इतिहासाच्या विद्यार्थ्याला चमत्कारिक वाटावा असाच हा प्रकार. आपण घडलेल्या गोष्टींच्या तारखा शोधीत असतो. येथे न घडलेल्या गोष्टीला तारीख दिली जाते.

सीमाभागाच्या इतिहासात आयोग, ठराव, सत्याग्रह यांच्याविषयी आपण नेहमी वाचतो. पण राज्यांच्या सीमा हलल्या तेव्हा कचेरीत खुर्चीवर बसलेल्या माणसाचे काय झाले, याकडे आपले सहसा लक्ष जात नाही. मागच्या तारखेच्या बढतीचे जे खटले आपल्या देशात गाजले, त्यांतील कित्येकांची मुळे त्या खुर्चीत आहेत. त्यांचाच थोडा मागोवा येथे घ्यावयाचा आहे.

फाजल अली, हृदयनाथ कुंझरू आणि के. एम. पण्णिकर यांच्या राज्य पुनर्रचना आयोगाने ३० सप्टेंबर १९५५ रोजी आपला अहवाल दिला. त्यानंतर झालेल्या कायद्यानुसार १ नोव्हेंबर १९५६ रोजी भारताचा नकाशा बदलला. मुंबई राज्यातील विजापूर, धारवाड, कारवार आणि चंदगड तालुका वगळून बेळगाव हे जिल्हे म्हैसूर राज्यात गेले. हैदराबाद संस्थानाच्या भूमीचे तर तीन भाग झाले. तेलंगण आंध्रात, मराठवाडा मुंबईत आणि कन्नड जिल्हे म्हैसुरात. मद्रासचा दक्षिण कानडा आणि छोटे कूर्ग राज्य हेही म्हैसूरला मिळाले. तिकडे विदर्भाचे आठ जिल्हे मध्य प्रदेशातून मुंबईत आले, आणि इंदूर-ग्वाल्हेरचा मध्यभारत, विंध्य प्रदेश व भोपाळ यांना उरलेल्या जुन्या मध्य प्रदेशाशी जोडून नवा मध्य प्रदेश उभा राहिला.

जमिनीबरोबर माणसेही वाटली गेली. ३१ ऑक्टोबरच्या संध्याकाळी मुंबई सरकारचा नोकर म्हणून कचेरीचे दार लावणारा बेळगावचा कारकून, १ नोव्हेंबरच्या सकाळी म्हैसूर सरकारचा नोकर म्हणून तेच दार उघडीत होता. टेबल तेच, दौत तीच, साहेबही बहुधा तोच. बदलले ते एकच : त्याचे नाव ज्या यादीत होते ती यादी.

नव्या म्हैसूर राज्यात पाच ठिकाणचे लोक एकत्र आले होते आणि प्रत्येकाची पद्धत निराळी. तालुक्याच्या महसुली अधिकाऱ्याचेच घ्या. मुंबईकडे तो मामलेदार, हैदराबादकडे तहसीलदार आणि जुन्या म्हैसुरात अमलदार. काम साधारण एकच. पण पगाराची श्रेणी वेगळी, परीक्षा वेगळ्या, बढतीची शिडी वेगळी. एका ठिकाणी बढतीला लवकर वाव मिळे, तर दुसरीकडे माणूस वर्षानुवर्षे एकाच पायरीवर उभा असे. मग या सर्वांची एक यादी करायची तर कोणाचे नाव कोणाच्या वर घालायचे?

या प्रश्नाची कल्पना कायदा करणाऱ्यांना नव्हती असे नाही. पुनर्रचना कायद्याच्या ११५ व्या कलमात सेवांच्या एकत्रीकरणाची जबाबदारी केंद्र सरकारवर टाकण्यात आली. सर्वांना न्याय्य वागणूक मिळावी म्हणून सल्लागार समित्यांची तरतूद झाली. आणि एक महत्त्वाचे आश्वासन त्यात होते : वाटून दिलेल्या कर्मचाऱ्याच्या सेवेच्या शर्ती, केंद्र सरकारच्या पूर्वसंमतीशिवाय, त्याचे नुकसान होईल अशा रीतीने बदलता येणार नाहीत. दोन पदे समान मानायची की नाही हे ठरविण्यासाठी मुख्य सचिवांच्या परिषदेत चार कसोट्या ठरल्या. पदाच्या कामाचे स्वरूप, त्या पदावरील अधिकार व जबाबदारी, पदासाठी लागणारी किमान पात्रता आणि पदाचा पगार, अशा या कसोट्या. पगाराला शेवटचे स्थान दिले होते हे लक्षात घेण्यासारखे आहे. कारण एकाच कामाला गरीब संस्थानात कमी आणि श्रीमंत प्रांतात जास्त पगार मिळत असे.

योजना चांगली होती. पण सरकारी काम आणि सहा महिने थांब, ही म्हण येथे फार सौम्य ठरली. आधी तात्पुरती यादी निघायची, तिच्यावर हरकती मागवायच्या, त्या केंद्राकडे जायच्या, त्यांवर निर्णय व्हायचा आणि मग अंतिम यादी. यात वर्षामागून वर्षे गेली. दरम्यान कचेऱ्या बंद ठेवता येत नव्हत्या. वरच्या जागा रिकाम्या होत, त्या तात्पुरत्या यादीवरून भरल्या जात. मग कधीतरी अंतिम यादी येई, आणि लक्षात येई की, ज्याला चाळिसावा धरला होता तो खरे म्हणजे बारावा आहे, आणि त्याच्या खालचे अठ्ठावीस जण केव्हाच वर जाऊन बसले आहेत. आता त्या बाराव्याला बढती द्यायची ती कोणत्या तारखेपासून? आजपासून, की ज्या दिवशी त्याच्या खालचा माणूस वर गेला त्या दिवसापासून? मागच्या तारखेच्या बढतीचा तंटा म्हणतात तो एवढाच. मांडायला दोन ओळी पुरतात. सोडवायला हयात जाते.

प्रकरणे न्यायालयात जाऊ लागली, आणि सुरुवातीचे निकाल कर्मचाऱ्यांना निराश करणारे होते. दक्षिण कानड्यातील एका कर्मचाऱ्याने, नव्या राज्याने नियम बदलून आपली बढतीची वाट बिकट केली, अशी तक्रार केली. सर्वोच्च न्यायालयाने १९६४ साली दिलेल्या निकालात सांगितले की, ११ मे १९५७ च्या पत्राने केंद्राने राज्यांना काही बाबतींत सर्वसाधारण संमती आधीच दिलेली आहे आणि ती 'पूर्वसंमती' म्हणून पुरेशी आहे. म्हणजे प्रत्येक माणसामागे ढाल म्हणून उभी राहील असे वाटलेली अट, एका पत्राने बरीच पातळ झाली.

त्याच वर्षी मात्र मुंबई राज्यातून म्हैसुरात आलेल्या एका नोकराच्या बाजूने निकाल लागला. हा मनुष्य आपल्या खात्यातून दुसऱ्या खात्यात उसनवारीवर गेला होता. परतला तेव्हा यादीत त्याच्या खाली असलेले पुढे गेले होते. मुंबई मुलकी सेवा नियमांचा आधार घेऊन न्यायालयाने म्हटले की, सरकारनेच दुसरीकडे पाठविलेल्या माणसाचे मूळ खात्यातील नुकसान होता कामा नये. तो अपात्र ठरला नसेल तर खालच्याला मिळालेली बढती त्यालाही मिळाली पाहिजे. म्हैसूर राज्य विरुद्ध बेळ्ळारी या नावाने हा खटला कायद्याच्या पुस्तकांत आहे. मुंबईचे राज्य म्हैसुरात संपले होते. पण मुंबईचा नियम आपल्या जुन्या माणसाच्या पाठीशी तेथेही उभा राहिला.

पुढे १९६८ साली म्हैसूर राज्य विरुद्ध सय्यद महमूद या प्रकरणात आणखी एक पाऊल पडले. १९५९ साली कनिष्ठांना बढत्या मिळाल्या आणि यादीत वर असलेल्यांचा विचारच झाला नव्हता. उच्च न्यायालयाने बढती द्या असा आदेश दिला. सर्वोच्च न्यायालयाने तो थोडा बदलला. बढती देणे हे सरकारचे काम, न्यायालयाचे नव्हे. पण सरकारने त्यांच्या पात्रतेचा विचार, कनिष्ठांना बढती मिळाली त्या तारखेची स्थिती धरून केला पाहिजे; आणि ते पात्र ठरले तर बढतीही त्याच तारखेपासून दिली पाहिजे. काही वर्षांनी म्हैसूरच्याच आणखी एका प्रकरणात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी हाच मुद्दा मांडला. न्यायालयाने सरकारला दिशा दाखवावी, सरकारच्या खुर्चीत बसू नये.

हा फरक वरवर पाहता शाब्दिक वाटतो, पण सगळा विषय त्यावर उभा आहे. बढती हा हक्क नाही. बढतीसाठी आपला विचार होणे हा हक्क आहे. ज्याचा विचारच झाला नाही त्याच्यावर अन्याय झाला, आणि तो दूर करायचा तर घड्याळ मागे नेऊन त्या दिवशी जे व्हायला हवे होते ते आज करायचे. 'मानीव दिनांका'चे तत्त्व म्हणतात ते हेच.

मराठवाड्यातील महसूल अधिकाऱ्यांची कहाणीही याच काळातली. पूर्वीच्या हैदराबाद राज्याचे तहसीलदार मुंबई राज्यात आले, पुढे १९६० नंतर महाराष्ट्राचे झाले. उपजिल्हाधिकारी होण्याची त्यांची पाळी आली तेव्हा दोन गोष्टी आड आल्या. निम्म्या जागा थेट भरतीने भरण्याचा नियम झाला. शिवाय बढतीच्या याद्या महसूल विभागवार केल्या गेल्या, त्यामुळे एका विभागातला कनिष्ठ वर गेला आणि दुसऱ्या विभागातला ज्येष्ठ खालीच राहिला. ७ नोव्हेंबर १९७३ रोजी देवधर विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने निकाल दिला. पहिल्या मुद्द्यावर अधिकारी हरले : बढतीची नुसती शक्यता कमी होणे म्हणजे सेवेची शर्त बदलणे नव्हे. दुसऱ्या मुद्द्यावर ते जिंकले : विभागवार यादीने समान संधीच्या तत्त्वाचा भंग होतो. दहा-बारा वर्षांनी न्यायालयात आलात, ही सरकारची हरकतही न्यायालयाने मान्य केली नाही. कारण प्रश्न मूलभूत हक्काचा होता आणि झालेल्या बढत्या तात्पुरत्या होत्या.

इंदूर-ग्वाल्हेरच्या वाचकांना पी. के. रॉय खटला ऐकून माहीत असेल. नव्या मध्य प्रदेशातील अभियंत्यांच्या अंतिम यादीचा तो वाद. यादीचे प्राथमिक काम राज्याकडून करून घेता येईल, पण अंतिम जबाबदारी केंद्राचीच, आणि ज्याचे नुकसान होणार त्याला आपले म्हणणे मांडण्याची संधी मिळालीच पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने तेथे सांगितले. गोव्याचा प्रश्न आणखी निराळा. १९६१ साली गोवा मुक्त झाल्यावर पोर्तुगीज अमदानीतील कर्मचारी भारतीय सेवेत सामावून घेण्यासाठी १९६५ साली संसदेला स्वतंत्र कायदा करावा लागला. राज्य कोणतेही येवो वा जावो, कर्मचाऱ्याचा प्रश्न तोच : माझी मागची वर्षे तुम्ही मोजणार की नाही?

येथे एक गोष्ट मुद्दाम नमूद करावीशी वाटते. आपल्या भागात दुसऱ्या कोणत्याही प्रश्नावर मराठी आणि कन्नड असे दोन तट चटकन पडतात. ज्येष्ठतेच्या यादीने मात्र ते पडू दिले नाहीत. धारवाडचा कन्नड कारकून आणि बेळगावचा मराठी कारकून हे दोघेही 'मुंबईकडून आलेले' होते, आणि जुन्या म्हैसूरच्या यादीत दोघांची गत एकच होती. अर्जावर दोघांच्या सह्या शेजारी शेजारी पडत.

असे एक उदाहरण मी लहानपणापासून पाहिले आहे. आमच्या गल्लीत एक गृहस्थ राहत. आम्ही मुले त्यांना काका म्हणत असू. पुनर्रचनेच्या आधी मुंबई राज्याच्या एका खात्यात ते कारकून म्हणून लागले होते. तात्पुरत्या यादीत त्यांचे नाव खाली गेले, आणि नंतर लागलेले काही जण वर गेले. धारवाडकडचे त्यांचे एक सहकारी त्याच संकटात होते. हे दोघे रविवारी एकत्र बसत. काका मराठीत बोलत, पाहुणे कन्नडात उत्तर देत आणि अर्ज दोघांचा मिळून इंग्रजीत लिहिला जाई. माझे अक्षर बरे म्हणून कधीकधी अर्जाची स्वच्छ प्रत करण्याचे काम मला मिळे. 'प्रोव्हिजनल', 'नोशनल', 'विदाउट प्रेज्युडिस' हे शब्द मी शाळेत शिकण्याआधी त्या ओसरीवर शिकलो. तारीख पडली की दोघे मीटरगेजच्या गाडीने रात्रभर प्रवास करून बंगळूरला जात. तारीख पुढे ढकलली की तसेच परत येत. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. पण दुसरी कोणती पायरी त्यांना शिल्लक ठेवली होती?

काका निवृत्त झाल्यावर तिसऱ्या वर्षी आदेश निघाला. मी तेव्हा महाविद्यालयात होतो. मागच्या एका तारखेपासून बढती मानण्यात आली होती, त्या पदावर पगार कागदोपत्री निश्चित केला होता, त्यानुसार निवृत्तिवेतन वाढणार होते. शेवटी एक ओळ होती : प्रत्यक्ष काम केलेले नसल्याने थकबाकी देय नाही. काकांनी गल्लीत कुंदा वाटला. दारावर नवी पाटी लावली आणि निवृत्तीनंतर मिळालेले ते पद तिच्यावर लिहून घेतले. काकू एवढेच म्हणाल्या, "तेव्हा हा पगार आला असता तर मोठ्याला हॉस्टेलात ठेवता आलं असतं. आता पेन्शन वाढून त्याचं शिक्षण थोडंच वाढणार आहे?" काका म्हणाले, "पैशाचं राहू दे गं. माझं नाव माझ्या जागेवर आलं." त्यांचे धारवाडचे सहकारी मात्र आदेश पाहायला राहिले नव्हते. त्यांच्या पत्नीच्या वाढीव कुटुंब निवृत्तिवेतनाचा कागद घेऊन काका स्वतः धारवाडला गेले होते.

'थकबाकी देय नाही' ही ओळ काकांच्याच वाट्याला आली असे नाही. मागच्या तारखेच्या बढतीतला सर्वांत कडवट वाद हाच आहे. केंद्राच्या मूलभूत नियमांतील १७ व्या नियमाप्रमाणे, पदाचा पगार त्या पदाचा कार्यभार घेतल्यापासून मिळतो. याच्याच जोडीला 'काम नाही तर दाम नाही' हे तत्त्व. शस्त्रास्त्र कारखान्यांतील पर्यवेक्षकांच्या खटल्यात १९८९ साली सर्वोच्च न्यायालयाने हे तत्त्व मान्य केले. ज्येष्ठता मिळेल, आजचा पगारही त्या हिशेबाने ठरेल. पण मधल्या वर्षांच्या पगारातील फरक मिळणार नाही, कारण ते काम प्रत्यक्षात केलेले नाही.

यावर सामान्य माणूस विचारील, आणि काकूही विचारीत, की काम करायला मी तयार असताना तुम्हीच मला दाराबाहेर ठेवले, तर काम न केल्याचा दोष माझा कसा? १९९१ साली जानकीरामन खटल्यात न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांनी लिहिलेल्या निकालात याचे उत्तर मिळते. खातेनिहाय चौकशी चालू असली की संबंधित कर्मचाऱ्याच्या बढतीचा निर्णय मोहोरबंद पाकिटात ठेवतात. चौकशीतून तो पूर्ण निर्दोष सुटला तर पाकीट उघडायचे आणि त्याला त्या तारखेपासून बढती द्यायची. अशा वेळी त्याला पगाराचा फरकही द्यावा लागेल, असे न्यायालयाने सांगितले. कारण तो काम करण्यास तयार होता, त्याला दूर ठेवले ते सरकारने. मात्र चौकशी त्याच्याच वागण्याने लांबली असेल तर सरकारला वेगळा विचार करता येईल. पुढे २००७ साली केरळच्या एका प्रकरणात न्यायालयाने म्हटले की, यात एकच ठोकळेबाज नियम लावता येत नाही. प्रत्येक प्रकरणाची हकीकत पाहावी लागते. थोडक्यात, तारीख परत मिळणे पुष्कळ सोपे झाले आहे. त्या तारखेपासूनचा पगार मिळेल की नाही, हे सरकारची चूक कितपत उघड आहे यावर ठरते.

आता दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. यादी म्हणजे शिडी. एकाला वर घेतले की कोणीतरी खाली येतो. तात्पुरत्या यादीवर विश्वास ठेवून वरच्या पदावर दहा वर्षे इमानाने राबलेल्या माणसाला, तुम्ही तेथे चुकून बसला होता असे सांगणे हाही एक अन्यायच. म्हणून न्यायालये उशिराविषयी कडक राहिली आहेत. बढतीबाबत तक्रार असेल तर सहा महिन्यांत, फार तर वर्षात या, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७४ साली तमिळनाडूच्या एका प्रकरणात बजावले. आधीच्याच वर्षी मराठवाड्याच्या अधिकाऱ्यांना दहा-बारा वर्षांचा उशीर माफ झाला होता, त्यामुळे हे विसंगत वाटेल. पण तेथे बढत्या तात्पुरत्या होत्या, कोणाची घडी कायमची बसलेली नव्हती. महाराष्ट्रातील अभियंत्यांच्या ज्येष्ठतेचा वाद याच तराजूचा. थेट भरतीने आलेले आणि खालून बढती मिळालेले, यांत ज्येष्ठ कोण? १९७७ साली पटवर्धन खटल्यात न्यायमूर्ती यशवंतराव चंद्रचूड यांनी, नोकरीत कायम केल्याच्या तारखेवर ज्येष्ठता टांगून ठेवणे अन्यायाचे ठरविले, कारण कायम कधी करायचे हे सरकारच्या लहरीवर असते. १९९० साली घटनापीठाने त्या वादाचे सार नियमांच्या रूपाने मांडले. नियमाप्रमाणे नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीपासून. निव्वळ वेळ मारून नेण्यासाठी केलेली नेमणूक असेल तर तो काळ धरायचा नाही.

या खटल्यांचा भार कमी व्हावा म्हणून १९७६ च्या घटनादुरुस्तीने प्रशासकीय न्यायाधिकरणांची वाट मोकळी केली आणि १९८५ साली कायदा झाला. कर्नाटकाचे न्यायाधिकरण १९८६ साली सुरू झाले, महाराष्ट्राचे १९९१ साली. १९९७ पासून त्यांच्या निर्णयांविरुद्ध उच्च न्यायालयात जाता येते, त्यामुळे एक पायरी वाढली. आमच्या भागाला खरा दिलासा मिळाला तो २००८ साली धारवाडला उच्च न्यायालयाचे पीठ आल्यावर. २०१३ साली ते कायम झाले. काका आणि त्यांचे सहकारी ज्या दारासाठी रात्रभर प्रवास करीत, ते दार आता बेळगावहून सकाळी निघून संध्याकाळी परत येण्याच्या अंतरावर आहे.

पण दार जवळ आले म्हणून वेळ थांबत नाही. पश्चिम बंगालमधील एका शास्त्रज्ञ अधिकाऱ्याची हकीकत वाचून मी बराच वेळ स्वस्थ बसलो होतो. त्याच्या बढतीची शिफारस लोकसेवा आयोगाने २९ डिसेंबर २०१६ रोजी केली. ३१ डिसेंबरला तो निवृत्त झाला. सरकारची अंतिम मंजुरी आली ४ जानेवारी २०१७ ला. न्यायाधिकरणाने आणि उच्च न्यायालयाने त्याला निवृत्तिवेतनापुरता लाभ देऊ केला. पण नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला. पद रिकामे झाले किंवा शिफारस झाली म्हणून बढती होत नाही. वरच्या पदाचा कार्यभार घेतल्यावरच ती होते, आणि निवृत्त माणूस कार्यभार घेऊ शकत नाही. येथे कोणी कनिष्ठ त्याला ओलांडून गेला नव्हता, हा फरक खरा. कायद्याच्या दृष्टीने निकालात खोट काढता येईल असे मला वाटत नाही. पण चार दिवस! फाइल एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर जाण्यास लागलेल्या चार दिवसांनी एका माणसाच्या आयुष्यभराच्या नोकरीचा शेवटचा शब्द बदलला.

या सगळ्या निकालांच्या चळतीतून मला एकच गोष्ट शिकावीशी वाटते. न्यायालय तारीख देऊ शकते, काळ देऊ शकत नाही. मानीव दिनांकाने यादी दुरुस्त होते, निवृत्तिवेतन वाढते, पाटीवरचा शब्द बदलतो. काकूंच्या मोठ्या मुलाचे हुकलेले हॉस्टेल मात्र कोणत्याही आदेशाच्या परिशिष्टात बसत नाही. म्हणून खरा न्याय व्हायचा तो निकालाच्या दिवशी नव्हे, यादी करण्याच्या दिवशी. ज्याच्या हातात ती यादी आहे, मग तो सचिव असो, खातेप्रमुख असो की माझ्यासारखा शाळेचा मुख्याध्यापक, त्याने हरकतीचा अर्ज कपाटात न टाकता त्याच महिन्यात वाचला, तर पुढची तीस वर्षे वाचतात. आणि ज्याचे नाव यादीत आहे त्यानेही संकोच न करता ती नीट वाचावी, चूक दिसली तर तेव्हाच लेखी कळवावे, पोच घ्यावी आणि कागद जपून ठेवावा.

यंदाच्या यादीवर सह्या घेताना एका तरुण शिक्षिकेने रुजू होण्याच्या तारखेत एका दिवसाचा फरक दाखविला. "सर, एकाच दिवसाचा प्रश्न आहे, राहू दे का?" असे त्या स्वतःच म्हणाल्या. मी सेवापुस्तक मागविले, मूळ आदेश काढला, तारीख दुरुस्त केली आणि मगच यादी पुढे फिरविली. त्या कामात एक तास मोडला. काकांच्या आदेशाला लागलेल्या वर्षांपुढे तो फार नव्हता.